शाब्दिक उदाहरणातला ‘जास्त’ आणि उलटे मांडले जाणारे समीकरण

प्रश्न : सुपारीची वाडी (गुहागर तालुका)

नमस्कार. माझी मुलगी यंदा सहावीत आहे. समीकरण तयार लिहून दिले तर ती ते बिनचूक सोडवते. क्ष + ९ = ४६ असे समोर ठेवले की दोन्ही बाजूंतून ९ वजा करून क्ष = ३७ हे उत्तर ती सावकाश, पायरी न गाळता काढते. परंतु हेच उदाहरण शब्दांत आले की तिचे सगळे बिनसते.

काल संध्याकाळी ओटीवर बसून मी तिला स्वतःच एक उदाहरण घातले. “आज बागेतून आंब्याच्या ४६ पेट्या रवाना झाल्या. त्या कालच्यापेक्षा ९ ने जास्त आहेत. तर काल किती पेट्या रवाना झाल्या?” माझे वाक्य संपण्याआधीच तिने ‘जास्त’ या शब्दाखाली लाल पेन्सिलीने रेघ मारली आणि ४६ + ९ = ५५ असे लिहिले. मी “पुन्हा पाहा” म्हटल्यावर तिने खोडरबराने ते खोडले, त्या जागी ४६ − ९ = ३७ लिहिले आणि माझ्या तोंडाकडे पाहू लागली. वजाबाकी का केली, असे विचारले तर तिने प्रामाणिकपणे सांगितले, “बेरीज चुकली, म्हणजे वजाबाकीच असणार.” उत्तर बरोबर आले होते, तरी त्या बोलण्याने मला अधिक वाईट वाटले.

शिकवणीत मुलांना एक कागद दिलेला आहे. ‘जास्त, एकूण, मिळून’ आले की बेरीज; ‘कमी, उरले, फरक’ आले की वजाबाकी; ‘प्रत्येकी, पट’ आले की गुणाकार; ‘वाटे, समान भाग’ आले की भागाकार, असे त्यावर छापलेले आहे, आणि तो कागद तिच्या टेबलासमोर भिंतीला चिकटवलेला आहे. तो काढून टाकावा काय?

दुसरी अडचण अशी की, समीकरण मांडून सोडव असे सांगितल्यावर तिने क्ष − ९ = ४६ असे मांडले, क्ष = ५५ काढले आणि खाली पडताळाही लिहिला : ५५ − ९ = ४६. “आई, पडताळा तर बरोबर आला,” असे ती म्हणाली, तेव्हा तिला काय सांगावे ते मला कळेना. शिवाय तिचा एक प्रश्न अजून तसाच आहे, की उत्तर तोंडी येत असेल तर मध्ये क्ष कशाला आणायचा? मी स्वतः बारावीपर्यंत वाणिज्य शाखेत शिकले आहे. हिशेब मला येतात, पण ते समजावून सांगण्याची रीत माहीत नाही. जाणकारांनी कृपया मार्गदर्शन करावे.

प्रतिसाद १ : निवृत्त शिक्षिका, मालवण

ताई, आपण प्रश्न फार नेमका मांडला आहे. पाचवी ते आठवीच्या वर्गांना मी अनेक वर्षे गणित शिकवले आणि आपल्या मुलीची ही चूक मी शेकडो वह्यांत पाहिली आहे. तिला आकडेमोड येते, समीकरणही सोडवता येते. गोष्ट समीकरणात उतरवण्याची जी पायरी आहे, ती मात्र तिला कोणी सावकाश दाखवलेली नाही.

आधी पडताळ्याविषयी लिहिते, कारण माझ्या मते सर्वांत मोठी गफलत तेथे आहे. आपल्या मुलीने ५५ ही किंमत तिने स्वतः लिहिलेल्या समीकरणात घालून पाहिली. समीकरणच चुकीचे मांडलेले असेल तर असा पडताळा बरोबरच येणार, कारण त्यात फक्त सोडवण्याची क्रिया तपासली जाते, मांडणी तपासली जात नाही. उत्तर परत गोष्टीत ठेवून पाहावे लागते. काल ५५ पेट्या गेल्या आणि आज ४६ गेल्या, असे तिला मोठ्याने म्हणायला सांगा. मग आजच्या पेट्या कालच्यापेक्षा जास्त आहेत काय, एवढेच विचारा. ती स्वतःच थांबेल. माझ्या वर्गात मी समीकरणातला पडताळा आणि गोष्टीतला पडताळा असे दोन निरनिराळे शब्दच ठरवले होते, आणि दुसऱ्यासाठी मुलांना पूर्ण वाक्य लिहावे लागे. वाक्य लिहिताना ज्या मुलाचा हात अडखळे, त्याला चूक कोठे आहे हे बहुतेक वेळा मी न सांगताच समजे.

आता मांडणीविषयी. आपल्या भाषेत तुलना कशी केली जाते, हे मुलांना उघड करून सांगावे लागते. ‘पेक्षा’ हा शब्द ज्याला जोडलेला असतो, ते तुलनेचे मूळ असते. ‘कालच्यापेक्षा ९ ने जास्त’ यात मूळ आहे ‘काल’, म्हणून कालच्या संख्येत ९ मिळवायचे. कालची संख्या माहीत नाही, तेव्हा तेथे क्ष लिहायचा आणि वाक्य ज्या क्रमाने आले त्याच क्रमाने पुढे जायचे : कालच्या पेट्या, त्यांत आणखी ९, म्हणजे आजच्या ४६. एवढे झाले की क्ष + ९ = ४६ हे आपोआप लिहिले जाते. मुलीने क्ष − ९ लिहिले, कारण वजाबाकी करायची आहे हे तिने मनात आधीच ठरवले होते आणि ती वजाबाकी कोठेतरी बसवायची म्हणून समीकरणात बसवली. उत्तर कसे काढायचे याचा विचार मांडणीच्या वेळी मुळीच करू नये, हे तिला निक्षून सांगा.

विभक्ती प्रत्ययांकडेही असेच लक्ष द्यायला हवे. ‘एका संख्येतून ८ वजा केले’ आणि ‘८ मधून एक संख्या वजा केली’ ही वाक्ये ऐकायला जवळजवळ सारखी वाटतात, पण पहिल्यात क्ष − ८ आहे आणि दुसऱ्यात ८ − क्ष आहे. ज्याला ‘तून’ किंवा ‘मधून’ लागले आहे ते आधी लिहायचे. मराठी व्याकरणाच्या तासाला मुले हे प्रत्यय पाठ म्हणतात, पण तेच ज्ञान गणिताच्या वहीत वापरायचे असते असे त्यांना सहसा कोणी सांगत नाही, याचे मला नेहमी वाईट वाटत आले आहे.

क्ष म्हणजे काय, हेही एकदा पक्के करून घ्या. काही मुले ‘न म्हणजे नारळ’ असे लिहितात आणि मग ८न म्हणजे आठ नारळ अशी त्यांची समजूत होते. अक्षर वस्तूसाठी नसते, संख्येसाठी असते; म्हणून ‘न = एका टोपलीतील नारळांची संख्या’ असे पूर्ण लिहायला लावावे. या बाबतीत आपल्याकडची जुनी संज्ञा मला फार आवडते. बाराव्या शतकात भास्कराचार्यांनी बीजगणितात अज्ञात संख्येला ‘यावत्तावत्’ म्हटले आहे, आणि एकापेक्षा जास्त अज्ञात संख्या असतील तर पुढे कालक, नीलक, पीतक अशी रंगांची नावे वापरली आहेत. यावत्तावत् म्हणजे जितके असेल तितके. मुलीला सांगा, की काल जितक्या पेट्या गेल्या असतील तितक्या. त्या ‘जितक्या-तितक्या’ला आपण तूर्त क्ष म्हणतो. किती आहेत ते ठाऊक नसतानाही त्यांच्याविषयी बोलता येते, हे तिला एकदा जाणवले म्हणजे अक्षराचे भय जाते.

सोडवण्याची रीतही तशीच जुनी आहे. इ. स. ४९९ मधील आर्यभटीयात विपरीत क्रियेचा नियम एका श्लोकात दिलेला आहे : उलट जाताना गुणक असेल तो भाजक होतो, भाजक असेल तो गुणक होतो, जे मिळवले असेल ते वजा होते आणि जे वजा केले असेल ते मिळवले जाते. सहावीच्या एका पायरीच्या समीकरणांना लागणारे सगळे त्यात आले. फक्त हे उलट जाणे समीकरण लिहून झाल्यानंतरचे आहे, आधीचे नव्हे.

प्रतिसाद २ : खाडीपलीकडचा, दापोली

बाईंच्या विवेचनाशी मी सहमत आहे. भिंतीवरच्या कागदाविषयी मात्र त्यांनी काही लिहिलेले नाही, आणि त्याबद्दल माझे मत थोडे वेगळे आहे. तो कागद लगेच काढू नये असे मला वाटते. मी आठवी ते दहावीच्या मुलांना घरी शिकवतो आणि वर्षानुवर्षे मीही अशा याद्यांना नावे ठेवत होतो. पुढे एकदा माझ्या लक्षात आले, की त्या यादीतील बऱ्याच नोंदी खऱ्या आहेत, पण त्या उत्तराच्या क्रियेविषयी नसून समीकरणातल्या क्रियेविषयी आहेत.

पेट्यांच्या उदाहरणात ‘जास्त’ आहे, आणि समीकरणात खरोखरच बेरीज आहे : क्ष + ९. मुलीने ती बेरीज क्ष सोबत न करता दिसणाऱ्या दोन आकड्यांवर केली, एवढीच चूक झाली. दुसरे उदाहरण घ्या. रापणीत सापडलेल्या मासळीचे पैसे आले, त्यांचे १५ समान वाटे केले आणि एका वाट्याला ४२० रुपये मिळाले. तर एकूण पैसे किती? यादी ‘वाटे’ पाहून भागाकार सांगते. मूल ४२० ला १५ ने भागते आणि २८ रुपये असे उत्तर देते, म्हणजे एका वाट्याच्या पैशांपेक्षा सगळे पैसे कमी! पण समीकरण मांडले तर भागाकारच येतो : क्ष ÷ १५ = ४२०. वाटे खरोखरच झालेले आहेत. ते उलटवून क्ष = ४२० × १५ = ६३०० रुपये. तेव्हा कागदाच्या वर मोठ्या अक्षरांत ‘ही क्रिया क्ष वर झाली’ असे लिहा आणि कागद राहू द्या. पुढे तिला त्याची गरजच उरणार नाही.

‘उत्तर तोंडी येते तर क्ष कशाला’ या प्रश्नाचे उत्तरही माझ्या मते यातच आहे. क्ष नसेल तर बेरजेची गोष्ट मनातल्या मनात उलटवून वजाबाकी करावी लागते, म्हणजे वाचणे आणि उलटवणे ही दोन कामे एकाच वेळी करावी लागतात. क्ष असला की गोष्ट जशी घडली तशी आधी कागदावर उतरते आणि उलटवण्याचे काम नंतर निवांत करता येते.

एक सावधगिरी मात्र अवश्य बाळगावी. ‘बाजू बदलली की चिन्ह बदलते’ हा नियम सहावीत शिकवू नये. ३क्ष = २४ या समीकरणात ३ ला पलीकडे नेऊन, चिन्ह बदलून, क्ष = २४ − ३ = २१ असे लिहिणारी मुले माझ्याकडे दरवर्षी येतात. ३ हा क्ष ला गुणलेला आहे, मिळवलेला नाही, हे त्या नियमाच्या भरात दिसेनासे होते. दोन्ही बाजूंवर एकच क्रिया करायची, एवढेच राहू द्यावे. २४ ला ३ ने भागले की ८. बाजारातली तागडी डोळ्यांसमोर ठेवली तर हे चटकन पटते : एका पारड्यात काजूबियांची बंद पिशवी आणि शेजारी २ किलोचे वजन, दुसऱ्या पारड्यात ५ किलो; दोन्हींतून २ किलो उचलले तर दांडी सरळच राहते आणि पिशवी ३ किलोची निघते. वजाबाकीच्या समीकरणाला मात्र तागडी फारशी उपयोगी पडत नाही, कारण पारड्यातून आधीच काढून घेतलेली वस्तू दिसत नसते. तेथे दुसरे काही वापरावे.

प्रतिसाद ३ : माजी वाहक, चिपळूण

वजाबाकीसाठी काय वापरावे याविषयी मला सुचते ते लिहितो. मी शिक्षक नाही. एस.टी.त वाहक म्हणून बरीच वर्षे नोकरी केली, आणि अशी समीकरणे नाव न घेता रोज सोडवली.

गाडी थांब्यावर आली, १७ जण उतरले, नवीन कोणी चढले नाही आणि गाडीत २८ जण राहिले. तर आधी किती होते? मुलांना अशा वेळी उतरलेली माणसे पुन्हा गाडीत चढवायला सांगावे. क्ष − १७ = २८; उतरलेले १७ परत आले की उरलेले २८ आणि ते १७ मिळून ४५ होतात. घरात पाटाची गाडी करून लहान मुलांना चढवून-उतरवून दाखवले तर ते कायमचे लक्षात राहते. माझ्या नातवाला मी हे सुपाऱ्या आणि पाट घेऊन दाखवले होते.

दुसरी गोष्ट तिकिटांची. यंत्रे येण्यापूर्वी प्रत्येक दराच्या तिकिटांचा वेगळा गठ्ठा असे आणि पुढे फाडायच्या तिकिटाचा क्रमांक आम्ही फेरीच्या सुरुवातीला व शेवटी नोंदवत असू. सुरुवातीला क्रमांक ३१२ होता, शेवटी ३५० झाला, तर त्या दराची किती तिकिटे गेली? ३१२ + क्ष = ३५०, म्हणून ३८. येथे अज्ञात संख्या पहिली नसून मधली आहे. मुलांना पहिलीच संख्या अज्ञात असण्याची सवय लागते, ती मोडायला हे उदाहरण बरे पडते. शिवाय हे ३८ खरे की खोटे ते पेटीतली रोकड सांगत असे. बाईंनी ज्याला गोष्टीतला पडताळा म्हटले आहे, तो आमच्याकडे रोज रात्री व्हायचा, आणि तो चुकला तर पदरचे पैसे भरावे लागत.

प्रतिसाद ४ : आमराई, देवगड

तोंडी येण्याच्या मुद्द्यावर थोडेसेच लिहिते. मुलीला उत्तर तोंडी येत असेल तर तिचे कौतुक करा, पण पुढचे उदाहरण असे घाला की ते तोंडी येणार नाही. अडीच डझन हापूसचे १५०० रुपये झाले, तर डझनाचा भाव काय? वर्षभर बाजारात वावरणारा माणूस ते झटकन सांगेल. सहावीतल्या मुलीला २.५ × क्ष = १५०० असे लिहावेच लागेल, आणि दोन्ही बाजूंना २.५ ने भागून ६०० मिळाल्यावर क्ष चे मोल तिला कळेल. पाव, पाऊण, सव्वा, दीड या शब्दांत आपल्या घरांतले हिशेब चालतात, ते उदाहरणांत आणावेत. मात्र ‘तिप्पट जास्त’ असे शब्द घालू नयेत. त्याचा अर्थ कोणी तीन पट घेतो, कोणी चार पट, आणि मूल विनाकारण गोंधळते. ‘तिप्पट’ तरी म्हणावे किंवा ‘इतक्याने जास्त’ तरी म्हणावे.

मूळ प्रश्नकर्त्या : सुपारीची वाडी (गुहागर तालुका)

सर्वांचे मनापासून आभार. आपण सांगितलेले चार दिवस करून पाहिले, ते येथे नोंदवते.

कागद भिंतीवरच ठेवला आणि त्याच्यावर ‘ही क्रिया क्ष वर झाली’ असे मुलीनेच मोठ्या अक्षरांत लिहिले. पहिल्या दिवशी मी फक्त समीकरणे मांडून घेतली आणि सोडवायची नाहीत असे बजावले. तिला ते विचित्र वाटले, पण उत्तर काढायचेच नसल्यामुळे ती घाई न करता वाचू लागली. ‘पेक्षा’ कोणाला लागला आहे ते शोधून त्याच्याभोवती गोल करायची सवय तिने स्वतःच लावून घेतली. लाल पेन्सिल आता ‘जास्त’ सोडून तेथे फिरते. ‘१२ मधून एक संख्या वजा केली तर ५ उरतात’ यात तिने दोनदा क्ष − १२ लिहिले. तिसऱ्या वेळी लिहिता लिहिता ती थांबली, ‘मधून’ला हात लावून पाहिला आणि क्ष पुसून त्या जागी आधी १२ लिहिले.

गोष्टीतल्या पडताळ्याचा तर मला फार उपयोग झाला. काल मी तिला स्वतः उदाहरण रचायला सांगितले. तिने लिहिले, “बाबांनी आणलेले बांगडे आईने चार घरांत सारखे वाटले. एकूण ३० बांगडे होते. तर प्रत्येक घरी किती गेले?” समीकरण ४ × क्ष = ३० असे अगदी बरोबर मांडले, दोन्ही बाजूंना ४ ने भागले आणि क्ष = ७.५ लिहिले. समीकरणातला पडताळा आला. मग गोष्टीतल्या पडताळ्याचे वाक्य लिहायला तिने सुरुवात केली, “प्रत्येक घरी साडेसात बांगडे”, आणि तेथेच पेन्सिल थांबली. “आई, अर्धा बांगडा शेजारी कसा नेऊन द्यायचा?” असे तिने विचारले. मी काही बोलले नाही. थोडा वेळ वहीकडे पाहून तिने वरचे ३० खोडले, त्या जागी ३२ लिहिले आणि उदाहरण पुन्हा पहिल्यापासून सोडवायला घेतले.